अंथरूण, पाय आणि महासत्ता : पॉल केनेडींच्या पुस्तकावर एवढा वाद का झाला?

एका जाडजूड पुस्तकाचं मुखपृष्ठ डोळ्यांसमोर आणा. पृथ्वीचा गोल आहे. त्यावरून एक गृहस्थ उतरून चाललेत, ते ब्रिटन. त्यांच्यामागे उतरायच्या बेतात असलेला उंच टोपीवाला अंकल सॅम, म्हणजे अमेरिका. आणि पलीकडच्या बाजूने एक जपानी माणूस आपला झेंडा घेऊन वर चढतोय. 1987 च्या अखेरीस अमेरिकेतल्या पुस्तकांच्या दुकानांत हे चित्र मांडलं गेलं आणि पुढचं वर्षभर तिथल्या प्राध्यापकांनी, संपादकांनी, मुत्सद्द्यांनी आणि राजकारण्यांनी त्यावर वाद घातला. पुस्तक होतं पॉल केनेडी यांचं ‘द राइज अँड फॉल ऑफ द ग्रेट पॉवर्स’, म्हणजे बड्या सत्तांचा उदय आणि अस्त.

फोर्टातल्या जुन्या पुस्तकांच्या फुटपाथवर मला हे पुस्तक मिळालं, तेव्हा त्यातली जपानची भीती कधीच विरून गेली होती आणि सोव्हिएत संघ नकाशावर उरला नव्हता. तरीही मी ते शेवटपर्यंत वाचलं. त्यानंतर त्यावरची टीका शोधून वाचली आणि ती मला मूळ पुस्तकाइतकीच मोलाची वाटली. एखादा विद्वान ‘तुमच्या देशाचा जोर ओसरतोय’ असं म्हणतो, तेव्हा ते तपासायचं कसं, याचा हा वाद म्हणजे उत्तम धडा आहे. म्हणून तो नीट उलगडून सांगावासा वाटतो.

माणूस आणि वेळ

केनेडी अमेरिकन नव्हेत, इंग्रज. 1945 साली जन्म, इंग्लंडच्या ईशान्येला टाइन नदीकाठच्या वॉल्सेंड गावी. हे जहाजबांधणीचं गाव. ब्रिटनच्या आरमाराचा आणि व्यापाराचा दबदबा ओसरत गेला तो अशाच गावांच्या डोळ्यांदेखत. 1976 मध्ये त्यांनी ब्रिटिश आरमारी वर्चस्वाच्या उदयास्तावर पुस्तक लिहिलं होतं. 1983 मध्ये ते अमेरिकेत येल विद्यापीठात शिकवायला गेले. आपल्या देशाची घसरण अभ्यासलेला माणूस दुसऱ्या देशाच्या ऐन भरात तिथे पोचला आणि त्याला ओळखीच्या खुणा दिसू लागल्या, असं म्हणायला हरकत नाही.

पुस्तक आलं ती वेळही तशीच होती. 19 ऑक्टोबर 1987 ला, एका सोमवारी, न्यूयॉर्कचा शेअर निर्देशांक एका दिवसात 22.6 टक्के कोसळला. रेगन सरकारने कर कमी केले होते आणि संरक्षणखर्च वाढवला होता. त्यामुळे 1980 मध्ये सुमारे 90 हजार कोटी डॉलर असलेलं केंद्र सरकारचं कर्ज 1988 पर्यंत 2.6 लाख कोटी डॉलरवर गेलं. पहिल्या महायुद्धापासून जगाला कर्ज देणारा हा देश 1985 मध्ये निव्वळ कर्जदार झाल्याची नोंद झाली. रस्त्यांवर जपानी गाड्या, घरांत जपानी टीव्ही. त्यात 1988 हे अध्यक्षीय निवडणुकीचं वर्ष. वाळलेल्या गवतावर ठिणगी पडावी तसं हे पुस्तक पडलं. बहुतेक भाग हॅब्सबर्ग राजे, नेपोलियन आणि बिस्मार्क यांच्याबद्दल असलेला हा भलाथोरला इतिहास-ग्रंथ महिनोन्‌महिने खपाच्या यादीत राहिला. आणि चर्चा कशाची झाली, तर शेवटच्या प्रकरणातल्या अमेरिकेवरच्या थोड्याशा पानांची. या वादातली निम्मी गडबड इथून सुरू होते, कारण मधली चारशे-साडेचारशे पानं पुष्कळांनी नुसती चाळली.

पुस्तकाचं म्हणणं

मुद्दा मराठीत सांगायचा तर एका म्हणीत मावतो : अंथरूण पाहून पाय पसरावेत. केनेडी 1500 सालापासून पुढच्या बड्या सत्ता एकेक करून तपासतात. त्यांना दिसतं ते असं. आधी देशाची उत्पादनशक्ती वाढते. त्या जोरावर सैन्य आणि आरमार वाढतं. त्यातून प्रदेश, तळ, मित्रराष्ट्रं, जबाबदाऱ्या वाढतात. पुढे काळ बदलतो. नवं तंत्र, नवे व्यापारी मार्ग दुसऱ्या कुणाच्या पदरात पडतात आणि आपला उत्पादनाचा पाया इतरांच्या मानाने आक्रसतो. पण जबाबदाऱ्या कमी होत नाहीत, त्या सांभाळण्यासाठी खर्च वाढतच जातो. जो पैसा शेती, कारखाने, शिक्षण, संशोधन यांत जायला हवा, तो तोफांत आणि छावण्यांत जातो. शेवटी आडात नाही तर पोहऱ्यात कुठून येणार, अशी गत होते. या अवस्थेला केनेडींनी ‘इम्पीरियल ओव्हरस्ट्रेच’ हे नाव दिलं. आपण त्याला साम्राज्याचा आवाक्याबाहेरचा पसारा म्हणू.

सोळाव्या शतकातलं स्पेन हे त्यांचं मोठं उदाहरण. अमेरिका खंडातून चांदीची गलबतं येत होती. तरी राजा दुसऱ्या फिलिपच्या काळात राज्याने 1557, 1560, 1575 आणि 1596 असं चार वेळा सावकारांपुढे हात वर केले. एकीकडे नेदरलँड्समधलं बंड, दुसरीकडे तुर्क, तिसरीकडे इंग्लंड आणि फ्रान्स. कुठलीच आघाडी सोडवत नव्हती आणि सगळ्यांना पुरेल एवढा पैसा नव्हता. मराठी वाचकाला इथे ब्रह्मेंद्रस्वामींना लिहिलेली पहिल्या बाजीरावांची पत्रं आठवल्यावाचून राहत नाहीत : मोहिमांवर मोहिमा यशस्वी होताहेत आणि सावकारांच्या तगाद्याने जीव नकोसा झालाय.

ब्रिटनचं उदाहरण आकड्यांत अधिक स्पष्ट होतं. जगातल्या कारखानी उत्पादनात ब्रिटनचा वाटा 1880 मध्ये 22.9 टक्के होता, 1913 मध्ये तो 13.6 झाला. त्याच काळात अमेरिका 14.7 वरून 32 वर आणि जर्मनी 8.5 वरून 14.8 वर गेली. तेव्हा ब्रिटिश साम्राज्याचा नकाशा मात्र पूर्वीपेक्षा मोठा होता. पाय लांब, अंथरूण आखूड.

आणि मग अमेरिका. केनेडींचं म्हणणं, अमेरिकेने 1945 नंतर युरोप, जपान, कोरिया, आखात अशा जगभरच्या ज्या जबाबदाऱ्या अंगावर घेतल्या, त्या सगळ्या एकाच वेळी निभावण्याइतकी तिची ताकद आता उरलेली नाही.

‘सापेक्ष’ हा एकच शब्द

या पुस्तकावरच्या टीकेतला फार मोठा भाग एका शब्दाच्या गैरसमजावर उभा आहे. तो शब्द म्हणजे ‘सापेक्ष’. केनेडी सापेक्ष ऱ्हासाबद्दल बोलत होते.

समजा, एका गावात दरवर्षी 200 पोती ज्वारी पिकते आणि त्यातली 100 एकट्या पाटलांच्या शेतात. वीस वर्षांनी पाटलांच्या शेतात 150 पोती पिकू लागली, पण गावाने विहिरी खणल्या, नवं बियाणं आणलं, आणि गावाचं एकूण पीक 600 झालं. पाटील गरीब झाले का? मुळीच नाही, दीडपट श्रीमंत झाले. पण गावातला त्यांचा वाटा निम्म्यावरून चौथ्या हिश्शावर आला. पूर्वी ते म्हणतील ती पूर्व दिशा होती, आता चार लोकांना विचारावं लागतं. सापेक्ष ऱ्हास तो हाच. केनेडींनी अमेरिका बुडेल, उपाशी मरेल, असं कुठेही म्हटलेलं नाही. उलट त्यांनी एक नेमका अंदाज दिला. भूभाग, लोकसंख्या आणि साधनसंपत्ती पाहता जगाच्या संपत्तीत आणि सामर्थ्यात अमेरिकेचा स्वाभाविक वाटा 16 ते 18 टक्के असायला हवा. विशिष्ट परिस्थितीमुळे तो 1945 मध्ये 40 टक्क्यांच्या वर गेला होता आणि आता तो हळूहळू स्वाभाविक पातळीकडे येतोय. राज्यकर्त्यांचं काम हे की ही उतरण सावकाश आणि बिनधक्क्याची व्हावी. बदलत्या जगाशी शहाणपणाने जुळवून न घेणं हाच अमेरिकेला खरा धोका आहे, असं ते शेवटाकडे लिहितात.

इतकं मोजून-मापून लिहिलेलं वाक्य वर्तमानपत्रांच्या मथळ्यांत पोचेपर्यंत ‘अमेरिकेचा अस्त’ झालं. पुस्तकाच्या नावातच ‘फॉल’ हा शब्द होता आणि मुखपृष्ठावर अंकल सॅम उतरताना दिसत होता. त्यामुळे दोष सगळा वाचकांवर टाकणं बरोबर होणार नाही.

कौतुक आणि हल्ला

इतिहासकारांनी सुरुवातीला पुस्तकाची चांगली बाजू पाहिली. युद्धेतिहासाचे नावाजलेले ब्रिटिश अभ्यासक मायकेल हॉवर्ड यांनी जानेवारी 1988 मध्ये न्यूयॉर्क टाइम्सच्या पुस्तक-पुरवणीत त्याचं परीक्षण लिहिलं आणि ते अनुकूल होतं. पाच शतकांचा अर्थकारणाचा आणि लष्करी इतिहास एका सूत्रात गुंफणं हे काम एरवी कुणी अंगावर घेत नाही. दरबारी कारस्थानं आणि सेनापतींचे पराक्रम यांच्यामागे बसलेला खजिनदार केनेडींनी पुढे आणला. ज्यांना त्यांचा निष्कर्ष पटला नाही, त्यांनाही या कामाचा आवाका नाकारता आला नाही.

विरोध आला तो धोरणाच्या वर्तुळातून. वॉल्ट रॉस्टो हे अर्थशास्त्रज्ञ आणि अध्यक्ष जॉन्सन यांचे राष्ट्रीय सुरक्षा सल्लागार होते. 1988 च्या वसंतात ‘फॉरेन अफेअर्स’ या नियतकालिकात त्यांनी लेख लिहिला आणि त्याच्या शीर्षकातच सांगून टाकलं की चुकीच्या तुलना घेऊन येणाऱ्या इतिहासकारांपासून सावध राहा. ही हरकत रास्त आहे. ब्रिटन हे पहिल्या महायुद्धाच्या वेळी साडेचार कोटी लोकांचं बेट होतं. अमेरिका हा 24 कोटींहून अधिक लोकवस्तीचा, खंडाएवढा देश. ब्रिटनच्या साम्राज्याचा पाया स्वतःच्या भूमीपेक्षा बाहेर जास्त होता, अमेरिकेचं बहुतेक बळ घरातच आहे. दोघांवर एकच माप लावलं तर हिशेब चुकणारच. पण केनेडींना हा फरक ठाऊक होता. ‘स्वाभाविक वाटा’ ही कल्पना त्यांनी मांडली ती त्यासाठीच.

त्याच सुमारास, केनेडींच्या पुस्तकाला उत्तर म्हणून नव्हे तर स्वतंत्रपणे, ब्रिटिश अभ्यासक सुझन स्ट्रेंज यांनी अमेरिकेचं वर्चस्व गेलं ही समजूतच खोटी असल्याचं लिहिलं होतं. त्यांचा मुद्दा मला आजही सगळ्यात ताजा वाटतो. त्या म्हणतात, देशाच्या हद्दीत किती माल तयार होतो एवढंच पाहू नका. अमेरिकी कंपन्या इतर देशांत जे पिकवतात, बनवतात, ते कुणाच्या खात्यात धरणार? जगाचा व्यवहार डॉलरमध्ये चालतो, ज्ञान आणि तंत्र अमेरिकी विद्यापीठांतून आणि प्रयोगशाळांतून येतं, सुरक्षेची छत्रीही त्यांचीच. खेळाचे नियम ज्याच्या हातात, त्याची ताकद उत्पादनाच्या टक्क्यांत मावत नाही. पुण्याहून किंवा ठाण्याहून अमेरिकी कंपनीसाठी रात्रपाळी करणाऱ्या माणसाला हा मुद्दा वेगळा समजवायला नको.

हार्वर्डचे जोसेफ नाय यांनी 1990 मध्ये ‘बाउंड टू लीड’ हे पुस्तक लिहिलं. ‘सॉफ्ट पॉवर’ हा आज सर्रास वापरला जाणारा शब्द त्यातून रूढ झाला. तो शब्द ऱ्हासाच्या या वादात जन्माला आला, हे फारसं कुणाच्या ध्यानात नसतं. बळजबरी किंवा पैसा न वापरता, आपल्या संस्कृतीच्या आणि मूल्यांच्या आकर्षणाने दुसऱ्याला आपल्याला हवं ते करायला लावणं, हाही सत्तेचा भाग आहे आणि केनेडींच्या तक्त्यांत त्याला रकाना नाही, असं नाय यांचं म्हणणं.

पण नाय यांचा खरा घाव दुसराच होता. सुरुवात कुठल्या वर्षापासून मोजायची? 1945 मध्ये जगातल्या कारखानी उत्पादनाचा जवळपास निम्मा भाग अमेरिकेचा होता, कारण जर्मनी आणि जपान बेचिराख झाले होते, रशिया आणि फ्रान्स उद्ध्वस्त होते, ब्रिटन कर्जात बुडालं होतं. आपल्या गावाच्या गोष्टीत सांगायचं तर ते महापुरानंतरचं वर्ष होतं. सगळ्यांची शेतं वाहून गेलेली, फक्त पाटलांचं माळावरचं शेत वाचलेलं. त्या वर्षीचा वाटा पायाला धरला तर पुढे घसरणच दिसणार. पूर ओसरल्यावर बाकीच्यांची शेतं पुन्हा पिकली, याला पाटलांचा ऱ्हास म्हणायचं का? शिवाय युरोप आणि जपानला उभं करायला अमेरिकेनेच पैसे दिले होते, म्हणजे ही ‘घसरण’ तिच्या धोरणाचं यश होती. पायाचं वर्ष 1938 धरा किंवा 1970 धरा, चित्र बरंचसं सपाट होतं.

केनेडींवरचा हा सगळ्यात पक्का आक्षेप आहे, असं माझं मत. त्यांनी युद्धाचा हा परिणाम लपवला नव्हता, पण पुस्तकाचा सगळा कल उतरणीकडे असल्यामुळे तो वाचकाच्या मनात राहत नाही.

हंटिंग्टन यांचं उत्तर

या सगळ्यांत हार्वर्डचेच राज्यशास्त्रज्ञ सॅम्युएल हंटिंग्टन यांचा निबंध वेगळा काढून सांगायला हवा. 1988-89 च्या हिवाळ्यात तो ‘फॉरेन अफेअर्स’मध्ये आला. हंटिंग्टन यांनी आधी इतिहास काढला, पण पाचशे वर्षांचा नव्हे, फक्त तीस वर्षांचा. ते म्हणाले, 1950 च्या दशकापासून अमेरिकेत ऱ्हासाची ही पाचवी लाट आहे. 1957 मध्ये रशियाने स्पुटनिक हा पहिला कृत्रिम उपग्रह सोडला तेव्हा पहिली. साठच्या दशकाच्या अखेरीस अध्यक्ष निक्सन आणि त्यांचे सल्लागार किसिंजर अनेक सत्ताकेंद्रांचं जग आलं म्हणू लागले तेव्हा दुसरी. 1973 च्या तेलसंकटात तिसरी. व्हिएतनाम आणि वॉटरगेटनंतर, सोव्हिएत हालचाली वाढल्यावर चौथी. आणि आता तुटीच्या आकड्यांनी उठलेली पाचवी. दर वेळी घाबरलेले लोक प्रामाणिक होते आणि दर वेळी देश सावरला.

मग ते कारणांकडे वळले. तूट ही देशाच्या हाडामांसातली व्याधी नसून रेगन यांच्या आर्थिक धोरणाचा परिणाम आहे, धोरण बदललं की ती भरून निघेल. लष्करी खर्चाने देश खंगतो म्हणावं, तर पन्नाशीच्या दशकात अमेरिका राष्ट्रीय उत्पन्नाच्या सुमारे 10 टक्के संरक्षणावर खर्च करत होती आणि तोच भरभराटीचा काळ होता. ऐंशीच्या दशकात हा खर्च 6 टक्क्यांच्या आसपास होता. मग कमी खर्चाने घात आणि जास्त खर्चाने भरभराट, हे कसं?

यानंतर हंटिंग्टन यांचं सर्वांत जिव्हारी लागणारं वाक्य येतं. त्याचा आशय असा : अमेरिका मागे पडलीच, तर ती जर्मनीतल्या एल्ब नदीवर, होर्मुझच्या सामुद्रधुनीत आणि कोरियाच्या सीमेवर तिचे सैनिक उभे आहेत म्हणून नव्हे, तर तिची माणसं, बायका-मुलं चैनीत दंग आहेत म्हणून मागे पडेल. खरा शत्रू उपभोग आहे, बंदूक नाही. केनेडींनी बोट ठेवलं होतं छावणीवर, हंटिंग्टन यांनी ठेवलं घराच्या उंबऱ्यावर.

शेवटी त्यांनी प्रतिस्पर्ध्याला मान दिला. ऱ्हासाचा इशारा देणारे लोक देशाच्या कामाचे असतात, कारण आपण घसरतोय असं लोकांना मधूनमधून वाटत राहिलं तरच ते सावरतात. म्हणजे भाकीत खोटं ठरावं यासाठीच ते करायचं असतं. टीकाकाराने ज्या पुस्तकाला खोडून काढलं, त्याच पुस्तकाची गरज मान्य करणं, हा प्रामाणिकपणा आपल्याकडच्या वादांत मला क्वचित दिसतो.

काळाने काय केलं

पुस्तक छापून चार वर्षं झाली आणि डिसेंबर 1991 मध्ये सोव्हिएत संघ विसर्जित झाला. केनेडींनी त्याच्या अडचणी तपशीलवार दाखवल्या होत्या : शेती खचलेली, तंत्रात मागे, लष्कराचं ओझं अमेरिकेपेक्षा कितीतरी जड. पण हा देश कोसळण्याच्या बेतात नाही, असंही त्यांनी लिहिलं होतं. रशियन राज्याच्या स्वभावात आणि परंपरेत साम्राज्याची उतरण समजुतीने स्वीकारेल असं काही दिसत नाही, असा त्यांचा होरा होता. प्रत्यक्षात मॉस्कोने पूर्व युरोप जवळजवळ गोळी न झाडता सोडला. ज्या महासत्तेवर त्यांचा सिद्धांत सगळ्यात चपखल बसत होता, तिच्याच बाबतीत ते बोलताना थबकले, ही मला या पुस्तकातली सगळ्यात चटका लावणारी गोष्ट वाटते.

इथे आंद्रेई अमालरिक यांची आठवण काढायलाच हवी. या रशियन बंडखोर लेखकाने 1969 मध्ये एक छोटा निबंध लिहिला, त्याचा प्रश्नच असा : सोव्हिएत संघ 1984 पर्यंत टिकेल का? त्यांनी अपेक्षिलेलं चीनशी युद्ध कधी झालं नाही आणि साल सात वर्षांनी चुकलं. पण आतल्या वेगवेगळ्या राष्ट्रीय गटांच्या ताणाने तो देश फुटेल हे त्यांनी ओळखलं होतं. त्यांना तुरुंगवास मिळाला आणि पुढे देश सोडावा लागला. 1980 मध्ये स्पेनमध्ये मोटार अपघातात ते गेले. त्यांच्याजवळ तक्ते नव्हते, त्या व्यवस्थेत राहण्याचा अनुभव होता.

जपानचंही तसंच. 1989 च्या अखेरीस टोकियोचा निक्केई निर्देशांक 38,915 वर पोचला आणि तिथून जो गडगडला, तो ती उंची पुन्हा 2024 मध्ये ओलांडू शकला. मुखपृष्ठावर वर चढणारा माणूस अर्ध्या वाटेवर थांबला. चीनबद्दल मात्र केनेडींनी 1987 मध्येच स्वतंत्र भाग लिहिला होता आणि त्याच्या वाढीचा वेग गंभीरपणे घेतला होता. टीकाकारांपैकी हंटिंग्टन यांना पुढचं शतक अमेरिकेचं नसलंच तर युरोपचं असेल असं वाटत होतं. म्हणजे भाकीत करणारा आणि खोडणारा, दोघांचेही नेम काही ठिकाणी चुकले.

11 सप्टेंबरच्या हल्ल्यानंतर, अफगाणिस्तानातली मोहीम पाहून, फेब्रुवारी 2002 मध्ये खुद्द केनेडींनी ‘फायनान्शिअल टाइम्स’मध्ये लिहिलं की सत्तेतली एवढी तफावत इतिहासात कधीच नव्हती. टीकाकारांना ही कबुली वाटली. मला ती हिशेबाची पद्धत न सोडता नवे आकडे मांडणं वाटतं. कारण मधल्या काळात काय घडलं ते पाहा. शीतयुद्ध संपल्यावर अमेरिकेचा संरक्षणखर्च राष्ट्रीय उत्पन्नाच्या 6 टक्क्यांवरून नव्वदीच्या अखेरीस 3 टक्क्यांवर आला. 1990 मध्ये थोरल्या बुश यांनी दिलेला शब्द मोडून कर वाढवले, 1993 मध्ये क्लिंटन यांनी पुन्हा वाढवले. 1998 मध्ये, 1969 नंतर पहिल्यांदा, अंदाजपत्रकात शिल्लक पडली. म्हणजे केनेडींनी सांगितलेलं पथ्य बऱ्याच अंशी पाळलं गेलं. रोगी बरा झाला म्हणून वैद्याचं निदान चुकलं, असं सरसकट म्हणता येत नाही. आणि हंटिंग्टन यांचंही म्हणणं खरं ठरलं, धोरण बदललं की तूट भरली.

मग इराकचं युद्ध आलं, 2008 चा बँकांचा कोसळा आला. 2009 च्या सुरुवातीला केनेडी पुन्हा अमेरिकेचं बळ ओसरत असल्याचं लिहीत होते. ऱ्हासाची आणखी एक लाट.

इतरांनी ते कसं वाचलं

अमेरिकेबाहेरचं वाचन निराळंच झालं. चीनमध्ये 2006 साली सरकारी वाहिनीने बड्या राष्ट्रांच्या उदयावर बारा भागांची मालिका दाखवली, ती खूप गाजली आणि त्यात केनेडींची मुलाखत होती. तिथल्या प्रेक्षकांना ‘अस्त’ या भागात रस नव्हता, चढायचं कसं हे हवं होतं. 2011 मध्ये अबोटाबादच्या घरात ओसामा बिन लादेन मारला गेला. तिथे सापडलेल्या पुस्तकांची यादी अमेरिकेने 2015 मध्ये जाहीर केली, त्यात हेही पुस्तक होतं. महासत्तेला न पेलणाऱ्या युद्धांत ओढून दमवायचं, हा त्याचा जाहीर बेत होता. या पुस्तकातला इशारा त्याच्या हाती उलटा पडला असेल, या विचाराने अस्वस्थ व्हायला होतं.

आणि आपण? भारतीय वाचकाने या पुस्तकातला एक तक्ता सावकाश वाचावा. आर्थिक इतिहासकार पॉल बैरोक यांच्या आकड्यांवरून केनेडींनी जगाच्या कारखानी उत्पादनातले वाटे दिले आहेत. आजच्या भारत-पाकिस्तानच्या प्रदेशाचा वाटा 1750 मध्ये 24.5 टक्के. 1800 मध्ये 19.7. 1860 मध्ये 8.6. 1900 मध्ये 1.7. त्याच दीडशे वर्षांत ब्रिटन 1.9 वरून 18.5 वर गेलं. शेवटच्या प्रकरणावर वाद घालणाऱ्या बहुतेक पाश्चात्त्य टीकाकारांनी या रकान्याकडे पाहिलंही नाही, कारण त्यांच्या लेखी भारत ‘बडी सत्ता’ नव्हता. पण या तक्त्यात सापेक्ष ऱ्हास आणि प्रत्यक्ष ऱ्हास यांच्यातला फरक दिसतो. अमेरिकेचा वाटा घटला तो इतर वाढले म्हणून. आपला वाटा घटला तो यंत्रावरच्या कापडाने जग भरलं म्हणून आणि त्याबरोबर विणकराच्या हातातलं काम गेलं म्हणूनही. टक्केवारीत दोन्ही घसरणी सारख्याच दिसतात. केनेडींच्या पद्धतीवर माझा आक्षेप आहे तो इथे : माणसाचं काय झालं ते वाट्याचा आकडा सांगत नाही.

आजचे आकडे केनेडी आणि हंटिंग्टन या दोघांपैकी कुणालाही पूर्ण जिंकू देत नाहीत. चालू विनिमयदराने मोजलं तर जगाच्या उत्पन्नात अमेरिकेचा वाटा अजून चौथ्या हिश्शाच्या आसपास आहे, केनेडींच्या 16-18 टक्क्यांच्या बराच वर. क्रयशक्तीच्या हिशेबाने, म्हणजे त्या त्या देशातल्या किमती धरून मोजलं तर, चीन गेल्या दशकात पुढे गेलाय. संरक्षणखर्च राष्ट्रीय उत्पन्नाच्या सुमारे 3 टक्के, म्हणजे ज्या पसाऱ्याची केनेडींना काळजी होती त्याचं ओझं त्या मानाने निम्म्यावर आलंय. आणि तरी कर्ज 36 लाख कोटी डॉलरच्या पुढे गेलं. 2024 च्या आर्थिक वर्षात अमेरिकेने व्याजापोटी भरलेली रक्कम संरक्षणखर्चापेक्षा मोठी झाली. हे कर्ज सगळंच लढायांचं नाही. त्यात करसवलती आहेत, म्हाताऱ्या होत चाललेल्या लोकसंख्येचं पेन्शन आणि औषधपाणी आहे, संकटकाळात वाटलेला पैसा आहे. अंथरूण अपुरं पडतंय हे केनेडींचं म्हणणं आकडे मान्य करतात. पाय कुणी पसरले, या प्रश्नावर मात्र ते हंटिंग्टन यांच्या बाजूने झुकतात.